अकरा दिवस उशीर

देवगडच्या कोर्टात मला विचारलं,
बर्फ दिलात म्हणता, तर तो आहे कुठे?

प्रश्न दाजी कोयंड्याच्या वकिलाचा.
कोर्ट हसलं, पट्टेवालासुद्धा.
मीही हसले थोडी, सवयीने.
सतरा वर्षं बंदरावर हसूनच उधारी वसूल केली.

एकशे चाळीस किलोची लादी.
पहाटे तीनला क्रशरच्या तोंडात सरकवायची,
चुरा नळीतून थेट ट्रॉलरच्या खणात.
मग समुद्रात बांगड्यावर बर्फ, बर्फावर बांगडा,
आणि लिलाव होईतो दोघांतला एकच उरतो.
उरतो त्याचे पैसे त्याच दिवशी.
विरघळतो त्याचे, दाजी म्हणायचा,
"नारळी पुनवेक देतलंय गो मंदा, पळान जातलंय काय?"

पळाला नाही. चेक दिला.
चार लाख ब्याऐंशी हजार, खाली सही
भरतीला कललेल्या होडीसारखी तिरकी.
बँकेतून चेक परत आला, पाठीला चिठ्ठी टाचून:
शिल्लक अपुरी.
नोटीस गेली. पोस्टमनने शेरा मारला, घर बंद.
बंद घराच्या खळ्यात त्याची आई
तेव्हा सोडे वाळवत होती.

चार वर्षं. एकोणचाळीस तारखा.
मग निकाल: सही आरोपीची, आकडा दुसऱ्या शाईचा,
वही फिर्यादीनेच लिहिलेली, तीही पेन्सिलने.
ओल्या हाताखाली शाई फुटते, साहेब.
हे मी सांगितलं नाही. कुणी विचारलं नाही.
संशयाचा फायदा देऊन निर्दोष.
फायदा हा शब्द धंद्यात रोज वापरला,
संशयाचाही होतो, हे त्या दिवशी कळलं.

वकीलबाई ठाकूरदेसाई म्हणाल्या, अपील करू.
पूर्वी सुटकेविरुद्ध जायचं तर आधी
हायकोर्टाची परवानगी मागावी लागे.
आता ओरोसला, सेशन्सलाच जाता येईल,
तुम्ही पीडित आहात म्हणून.

मी?
अमोनिया गळला त्या रात्री
तोंडाला ओला टॉवेल बांधून व्हॉल्व्ह फिरवणारी,
खलाशांना नावानिशी शिव्या घालणारी मी?
पीडित म्हणजे पेपरातली बाई, नाव न छापलेली.
"कायद्याचा शब्द आहे," बाई म्हणाल्या,
"अंगाला लावून घेऊ नका."
पण सही करायची होती त्याच शब्दाखाली.

त्यात अकरा दिवस उशीर.
विलंबमाफीच्या अर्जात कारण द्यावं लागतं, पटण्याजोगं.
बाईंनी लिहिलं, प्रकृती अस्वास्थ्य.

प्रकृती उत्तम होती.
अकराही दिवस मी दाजीच्या बोटीला बर्फ दिला.
रोखीने. दाजी आता बंदरावर येत नाही,
त्याचा रोशन पैसे मोजतो, मान खाली घालून.
निकालानंतर महिनाभराने, क्रशर चालू असताना,
म्हणजे दुसऱ्या कुणाला ऐकू जाणार नाही असं बघून,
तो म्हणाला,
"मावशे, त्या वर्साचो बर्फ मीच खणात भरललंय.
माका ठावक आसा."
तेव्हा चौदाचा असेल. खांद्यावर गोणपाट,
बोटं लाल झालेली.
मी क्रशर बंद केला नाही.
एवढंच म्हटलं, दोन लाद्या कमी पडतील का रे?

सांगावं की नाही, एवढ्यासाठी अकरा दिवस.
एका बाजूला चार लाख ब्याऐंशी हजार,
दुसऱ्या बाजूला पिंजऱ्यात बापासमोर उभा पोर.
अपिलात नवा साक्षीदार घेतात की नाही,
हेही मी बाईंना विचारलं नाही.
विचारलं असतं तर नाव सांगावं लागलं असतं.

काल ओरोसला कागद दाखल झाले.
कारकुनाने शिक्का मारला, पान उलटून पाहिलं,
अपीलकर्तीचा धंदा?
बर्फ.
त्याने मान वर केली, लिहिलं.

हल्ली वही शाईने लिहिते,
आधी बोटं पदराला पुसून, एकेक.
पुढची तारीख पडली आहे,
नारळी पुनवेनंतरची.